जाबदार नंबर तीन

ह्या सदरात दर दिवाळीला एखादा शब्द घेऊन बसायचे आणि पाने भरेपर्यंत त्याला सोडायचे नाही, असा माझा शिरस्ता आहे. काही वाचक ते गोड मानून घेतात. काही जण चिवड्याबरोबर वाचतात आणि लाडू पुढे येईपर्यंत विसरतात. दोघांचाही मी ऋणी आहे. यंदाचा शब्द आहे ‘डबलसीट’. तो मी निवडला असे म्हणता येणार नाही. तोच मागून येऊन मला धडकला, असे म्हणणे अधिक बरोबर ठरेल.

शब्दाचे दोन्ही तुकडे विलायती, पण जोडकाम अस्सल आपले. इंग्रज मागे बसणाऱ्याला ‘पिलियन’वर बसणारा म्हणतो. पूर्वी घोड्यावर स्वाराच्या मागे बाईमाणसाला बसायला लहानशी गादी बांधत, तिचे हे नाव. म्हणजे इंग्रजाच्या बोलण्यात पुढचा स्वार वेगळा आणि मागची गादी वेगळी. आपण मात्र “काल मंडईपर्यंत डबलसीट गेलो” असे म्हणतो, आणि त्यात पुढे कोण होते व मागे कोण होते ह्याचा पत्ताच लागत नाही. दोघांनाही मराठीने एका शब्दात शेजारीशेजारी बसवून टाकले आहे. कायदा तसे करीत नाही. कायद्याच्या दृष्टीने पुढचा आणि मागचा ही दोन अगदी वेगळी माणसे आहेत, मग त्यांच्या लग्नाला वीस वर्षे का झालेली असेनात. हे मला वयाच्या शेहेचाळिसाव्या वर्षी आणि तेही आरोपीसारखे उभे राहून शिकावे लागले.

मी पुण्याचा. पुणेकराचा संसार दोन चाकांवर चालतो, हे मी आपल्याला सांगायला नको. १९७२ साली चेतक आली, आणि मध्यमवर्गाच्या दारात जणू तुळशीवृंदावनाच्या जोडीला आणखी एक दैवत उभे राहिले. पुढे उभा थोरला, मध्ये वडील, मागे आई आणि तिच्या मांडीवर धाकटी, अशी आमच्या लहानपणची सारी कुटुंबे पर्वतीला जाऊन आली. वास्तविक चालकामागे एकाहून अधिक माणूस बसवू नये असा कायदा आहे. पण तो आम्हाला कुणी सांगितला नव्हता आणि सांगितला असता तरी आम्ही मुलांना माणसात धरले नसते. मागे बसणाऱ्या बाईची आठवण सरकारलाही होती, नाही असे नाही. १९८९ च्या केंद्रीय मोटार वाहन नियमांत स्पष्ट लिहिले आहे की, मागे बसणाऱ्यासाठी धरायला मूठ हवी, पाय ठेवायला आधार हवा आणि कपडा चाकात जाऊ नये म्हणून मागचे चाक निदान निम्मे झाकलेले हवे. आपण ज्याला साडीगार्ड म्हणतो ते हे. पदर वाचवायची तजवीज सरकारने केली. बाकीच्या बाईचे काय, हा विचार माझ्यासारख्या स्कूटरवाल्याने करायचा होता, आणि तो मी केला नव्हता.

नोव्हेंबर २०२२ मधला रविवार. सिंहगड रस्त्यावर एका मित्राची वास्तुशांत होती. सौ. नवी कोरी साडी नेसून मागे एका अंगाने बसली होती. माझ्या डोक्यावर शिरस्त्राण होते. तिच्या डोक्यावर अबोलीचा गजरा होता. समोर खड्डा आला. तो चुकवायला मी स्कूटर उजवीकडे घेतली. मागून भरधाव एक टेम्पो येत होता. त्याने हँडलला घासटले, आम्ही दोघे पडलो. मला गुडघ्यावर खरचटले. तिचा उजवा हात अंगाखाली सापडला आणि कोपराचे हाड तीन ठिकाणी मोडले.

त्या एकाच वर्षात, म्हणजे २०२२ साली, भारतात रस्त्यावरच्या अपघातांत १,६८,४९१ माणसे गेली आणि त्यांपैकी ७४,८९७ दुचाकीवरची होती, हे मी पुढे वाचले. हे आकडे पाहून मी देवाचे आभार मानले. पण शस्त्रक्रियेच्या खोलीबाहेर बसलेल्या माणसाला आकड्यांनी धीर येत नाही. कोपरात पट्टी आणि सात स्क्रू बसले. दवाखान्याचे बिल १,८६,००० रुपये झाले.

महिनाभराने माझा एक जुना विद्यार्थी भेटायला आला. आता तो वकिली करतो. माझ्या तासाला तो मागच्या बाकावर झोपत असे, पण हे मी त्याच्यापुढे कधी काढीत नाही. सौ.ची विचारपूस करून झाल्यावर तो म्हणाला, “सर, दावा केला का?”

“कसला दावा? टेम्पोवाला गरीब दिसत होता. पोलिसांनी त्याच्यावर गुन्हा नोंदवला आहे, तेवढे पुरे.”

“टेम्पोवाल्याच्या खिशातून कोण मागतंय? टेम्पोचा विमा आहे. विमा ह्याचसाठी काढायला लावतात. आणि सर, मुदत सहा महिन्यांची आहे.”

मग त्याने चहा गार होईपर्यंत मला शिकवले. पूर्वी अपघाताच्या भरपाईसाठी दिवाणी दावा लावावा लागे आणि तो नातवंडांच्या हाती लागे. म्हणून १९५६ साली कायद्यात दुरुस्ती होऊन मोटार अपघात दावे न्यायाधिकरणांची सोय झाली. आजचा कायदा १९८८ चा. त्यात २०१९ साली मोठी दुरुस्ती झाली आणि तिचा भरपाईविषयीचा भाग १ एप्रिल २०२२ पासून अमलात आला. त्या दुरुस्तीने सहा महिन्यांची मुदत घातली. तिच्याविरुद्ध तक्रारी सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेल्या आहेत. पण शहाण्याने मुदतीच्या आतच अर्ज करावा. अर्ज अपघात झाला तिथे, किंवा आपण राहतो तिथे, किंवा प्रतिपक्ष राहतो तिथे करता येतो. म्हणजे कोकणात पडलेल्या पुणेकराला रत्नागिरीच्या खेपा घालाव्या लागत नाहीत.

वाटा दोन. कलम १६४ खाली चूक कुणाची हे सिद्ध न करता ठरीव रक्कम मिळते: मृत्यूला पाच लाख, गंभीर दुखापतीला अडीच लाख. ती स्वीकारली की विषय संपला. दुसरी वाट कलम १६६ ची. तिथे समोरच्याची चूक दाखवावी लागते, पण भरपाई प्रत्यक्ष नुकसानाच्या हिशेबाने मिळते. धडक देऊन वाहन पळून गेले आणि त्याचा पत्ताच लागला नाही, तर सरकारी योजनेतून मृत्यूला दोन लाख आणि गंभीर दुखापतीला पन्नास हजार मिळतात. (मे २०२५ पासून अपघातग्रस्ताला पहिले सात दिवस दीड लाखापर्यंत रोख न भरता उपचार देण्याचीही योजना निघाली आहे. आमच्या वेळी ती नव्हती. आपल्या कुणावर वेळ आली तर विसरू नका.)

“आणि मागे बसणाऱ्याचं एक बरं असतं, सर,” तो म्हणाला, “त्याच्याकडे हँडल नसतं. म्हणून चूकही सहसा नसते. दोन गाड्यांची चूक असली तरी त्याची भरपाई कापता येत नाही. २०१५ साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट सांगितलं आहे की, अशा वेळी तो दोघांपैकी कुणा एकाकडूनही पूर्ण रक्कम मागू शकतो.”

“दोन गाड्यांची?” मी विचारले.

तो थोडा घुटमळला. “म्हणजे टेम्पोची, आणि... तुमची.”

अर्ज भरायला आम्ही दोघे त्याच्या कचेरीत गेलो. नाव, वय, पत्ता झाले. वय बेचाळीस. मग त्याने विचारले, “काकू, व्यवसाय?”

“काही नाही,” सौ. म्हणाली.

“मासिक उत्पन्न?”

“छे! मी घरीच असते. मी काही करत नाही.”

त्याने पेन खाली ठेवले. “काकू, हे वाक्य तुम्ही कोर्टात बोललात ना, तर विमा कंपनीचा वकील तुम्हाला पेढे वाटेल.”

ती हसली. मला मात्र हसू आले नाही. कारण ते वाक्य तिचे नव्हते. कॉलेजात कुणी विचारले की “मिसेस काय करतात?” तर वीस वर्षे मीच उत्तर देत आलो होतो, “काही नाही, घरीच असते.” तिने ते माझ्याकडूनच उचलले होते.

घरी येऊन मी माझी हिशेबाची वही काढली. तिचा हात प्लास्टरमध्ये गेल्यापासून काय काय खर्च झाला होता? स्वयंपाकाच्या बाई, महिना ५,५००. धुणीभांडी आणि केरफरशी, २,८००. आईजवळ दिवसभर बसायला मावशी, ९,०००. मुलीची गणिताची शिकवणी, १,५००. एकूण १८,८००. आणि एवढे करूनही घर लंगडतच चालले होते. कारण आईची रक्तदाबाची गोळी संपत आली हे ओळखणारी बाई पगारावर मिळत नाही. कुणाच्या मुंजीला आपण काय आहेर केला होता आणि त्यांनी आपल्याला काय केला होता, हे सांगणारीही मिळत नाही. मी मराठीचा अध्यापक. ‘काही नाही’ ह्या शब्दांचा अर्थ महिना अठरा हजार आठशे रुपये होतो, हे मला कोणत्याही कोशात सापडले नव्हते.

न्यायालयांनाही हे मोल हळूहळूच उमगत गेलेले दिसते. जमशेदपूरला १९८९ साली एका समारंभात आग लागून माणसे गेली. त्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००१ साली गृहिणीच्या सेवेचे मोल महिना ३,००० रुपये धरले. पुढे जानेवारी २०२१ मध्ये आणखी एका निकालात न्यायमूर्ती रमणा ह्यांनी सरकारी पाहणीचाच दाखला दिला. २०१९ च्या त्या पाहणीप्रमाणे बायका घरच्या बिनपगारी कामात दिवसाकाठी सरासरी २९९ मिनिटे घालवतात आणि पुरुष ९७. गृहिणीचे उत्पन्न मानीव म्हणून धरायचे ते कुणावर उपकार म्हणून नव्हे, तर ते काम खरोखरच काम आहे म्हणून, असा त्याचा मथितार्थ. ही ९७ मिनिटे कोणते पुरुष देतात, असे सौ.ने मला विचारले. मी विषय बदलला.

२०२३ च्या फेब्रुवारीत अर्ज दाखल झाला. फिर्याद, पंचनामा, दवाखान्याचे कागद, औषधांची एकूण एक पावती, सारे जोडले. (वाचकहो, पावत्या ठेवा. रिक्षाचीसुद्धा टिपून ठेवा.) टेम्पोचा मालक जाबदार नंबर एक आणि त्याची विमा कंपनी जाबदार नंबर दोन. मग कंपनीने कैफियत दिली की, अपघाताला स्कूटरचालकाची बेफिकिरी कारण आहे, सबब त्यालाही पक्षकार करावे. न्यायाधिकरणाने ते मान्य केले. अशा रीतीने आमच्या घरात एक कागद आला. त्यावर अर्जदार म्हणून माझी पत्नी होती, आणि ‘जाबदार नंबर तीन’ म्हणून मी.

जाब म्हणजे जबाबच. जाबदार म्हणजे ज्याने उत्तर द्यायचे तो, आणि जबाबदार हाही त्याचाच थोरला भाऊ. वर्गात हे मी कितीदा तरी हसत हसत सांगितले असेल. स्वतःच्या नावापुढे तो शब्द छापून आला, तेव्हा मात्र तो प्रथमच वाचल्यासारखा वाटला. माझा विद्यार्थी म्हणाला, “सर, मला तुमची बाजू घेता येणार नाही. मी काकूंचा वकील आहे. तुम्ही वेगळा वकील बघा.” एका घरातून, एकाच रिक्षाने, एकाच डब्यातला पराठा खात आम्ही शिवाजीनगरच्या न्यायालयात जायचो आणि दाराशी पोचलो की अर्जदार व जाबदार व्हायचो.

माझ्या वकिलांनी पहिलाच प्रश्न विचारला, “स्कूटरचा विमा कोणता?”

मी अभिमानाने पॉलिसी पुढे केली. दरवर्षी न चुकता नूतनीकरण करणाऱ्यांपैकी मी आहे.

त्यांनी चष्मा वर केला. “ही नुसती थर्ड पार्टी आहे.”

“मग? माझी बायको थर्ड पार्टी नाही का?”

त्यांनी जे सांगितले ते मी आमच्या व्याकरणाच्या भाषेत मांडतो. विम्याच्या करारात प्रथम पुरुष म्हणजे मी, द्वितीय पुरुष विमा कंपनी, आणि तृतीय पुरुष रस्त्यावरचे सारे जग. माझ्या स्कूटरखाली एखादा अनोळखी पादचारी सापडला, तर तो तृतीय पुरुष. त्याला भरपाई मिळेल. पण माझ्याच पाठीमागे माझ्याच खांद्यावर हात ठेवून बसलेली बायको कोणत्याच पुरुषात बसत नाही. कायद्याने सक्तीचा केलेला किमान विमा दुचाकीवर मागे बसलेल्याला लागू होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली ठरवले आहे. ज्याला आपण कॉम्प्रिहेन्सिव्ह किंवा पॅकेज पॉलिसी म्हणतो, तिच्यात मात्र मागे बसणारा येतो. विमा नियामक प्राधिकरणाने २००९ साली परिपत्रक काढून कंपन्यांना हे बजावले आणि २०१२ साली सर्वोच्च न्यायालयाने त्याचा आधार घेऊन दोन पॉलिसींतला हा फरक स्पष्ट केला.

मला तो दिवस आठवला. विमा एजंट म्हणाला होता, “पॅकेज घ्या साहेब, हजार-बाराशेचा फरक पडेल.” मी म्हणालो होतो, “जुनी स्कूटर, तिला काय होणार? चोर आला तर तोच आपल्याला चार पैसे देऊन जाईल.” एजंट हसला, मीही हसलो. विनोद बरा होता. पण सारा विचार मी स्कूटरचा केला होता. तिच्यावर कोण बसते, हे माझ्या ध्यानीमनीही नव्हते.

२०२४ साली साक्षी झाल्या. आधी सौ.ची. कंपनीच्या वकिलांनी उलटतपासात विचारले, “तुमच्या डोक्यावर हेल्मेट नव्हतं, हे खरं आहे का?” ती “हो” म्हणाली. चालकाइतकेच मागे बसणाऱ्यालाही ते सक्तीचे आहे, हे खरेच होते. पण माझा विद्यार्थी शांतपणे म्हणाला की, हेल्मेट कोपरावर घालत नाहीत. २०२० साली तिघे एका मोटारसायकलवर बसल्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले आहे की, नियम मोडला एवढ्यावरून भरपाई कापता येत नाही. त्या मोडण्याचा अपघाताशी किंवा इजेशी संबंध दाखवावा लागतो. मागच्या बाकावरचा हा मुलगा एवढे लक्ष देऊन कधी ऐकू लागला, कोण जाणे.

मग त्यांनी विचारले, “तुम्ही काय काम करता?”

मी श्वास रोखला. ती म्हणाली, “घर चालवते. हिशेब यांनी जोडला आहे.”

दुसऱ्या दिवशी माझी साक्ष होती. आदल्या रात्री मला झोप आली नाही. दोन वर्षे मी सर्वांना एकच गोष्ट सांगत होतो, टेम्पो मागून आला आणि धडकला. ती खोटी नव्हती. फक्त अर्धी होती. आरशात न पाहता, हात न दाखवता मी स्कूटर उजवीकडे घेतली होती, हा उरलेला अर्धा भाग मी कुणालाही सांगितला नव्हता, तिलाही नाही. वकिलांनी समजावले होते, “विचारतील तेवढंच बोला. आठवत नाही म्हटलंत तरी चालतं.” आठवत नाही म्हटले असते, तर पैसे वाचण्याचा संभव होता. तिचे काहीच गेले नसते. भरपाई तिला एरवीही पूर्ण मिळणारच होती. जायचे होते ते माझेच.

अंधारात तिने विचारले, “जागे आहात?”

“हं.”

“उद्या विचारलं तर खरं सांगा.”

“काय खरं?”

“अहो, मी एका अंगाला तोंड करून बसले होते, तरी मागचा टेम्पो मला दिसला होता. मी ओरडलेही होते. तुमच्या कानावर हेल्मेट होतं.”

दोन वर्षे तिला ठाऊक होते. दोन वर्षे पाहुण्यांपुढे मी टेम्पोला शिव्या देत होतो आणि ती डाव्या हाताने त्यांना चहा देत होती.

दुसऱ्या दिवशी वकिलांनी विचारले, “वळण्यापूर्वी आरशात पाहिलंत का?” मी म्हणालो, “नाही.” “हात दाखवलात?” “नाही.” माझ्या वकिलांनी कपाळाला हात लावला. लेखनिकाने टंकलेखन केले आणि सारे दोन मिनिटांत आटोपले. एवढ्याशा शब्दाला मी दोन वर्षे भीत होतो.

२०२५ च्या उन्हाळ्यात निकाल लागला. सरकारी डॉक्टरांच्या दाखल्यावर त्या हाताचे कायमचे अपंगत्व २४ टक्के होते. पण हाताचे टक्के म्हणजे सबंध माणसाचे टक्के नव्हेत, आणि माणसाचे टक्के म्हणजे त्याच्या कामाचे टक्के नव्हेत. सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली हे उदाहरणाने समजावले आहे. डावा हात गेला तर सुताराची किंवा ड्रायव्हरची सारी कमाई बुडते, कारकुनाची नोकरी कदाचित टिकते. माझ्या विद्यार्थ्याने विचारले, ज्या बाईला रोज तीस पोळ्या लाटायच्या ती सुतारासारखी की कारकुनासारखी? न्यायाधिकरणाने तिच्या कामाची हानी १५ टक्के धरली. मानीव उत्पन्न महिना १२,०००; त्यात पुढच्या वाढीचे २५ टक्के मिळवून १५,०००; वर्षाचे १,८०,०००; त्याचे १५ टक्के २७,०००; आणि बेचाळीस वयाला ठरलेला गुणक १४. झाले ३,७८,०००. दवाखान्याचे १,८६,०००. चार महिने काम पूर्ण बंद होते त्याचे ४८,०००. जाण्यायेण्याचे, आहाराचे आणि मदतनिसाचे ४०,०००. वेदनांचे आणि हिरावलेल्या सुखाचे १,००,०००. एकूण ७,५२,०००, शिवाय अर्जाच्या तारखेपासून व्याज. चुकीची वाटणी अशी: टेम्पो ७५ टक्के, स्कूटर २५. कंपनीने पूर्ण रक्कम अर्जदाराला द्यावी आणि पंचवीस टक्के जाबदार नंबर तीनकडून वसूल करून घ्यावेत.

म्हणजे १,८८,००० रुपये आणि त्यावरचे व्याज. ते मी कॉलेजच्या पतपेढीतून कर्ज काढून भरतो आहे. दर महिन्याला पगारातून हप्ता कापला जातो. हजार-बाराशे वाचवल्याची ही किंमत. सौ.ने आपल्या नावाने मुदत ठेव केली. लग्नाला इतकी वर्षे झाली, पण तिच्या एकटीच्या नावाने एवढी रक्कम ही पहिलीच. मी म्हणालो, “कर्ज तुझ्या पैशांतून फेडून टाकू या का?” ती म्हणाली, “ते जाबदाराचं कर्ज आहे.”

ठीकच आहे.

स्कूटरची पॉलिसी आता पॅकेज आहे. सही करण्यापूर्वी मागे बसणाऱ्याचे कलम मी दोनदा वाचून घेतले. दुसरे हेल्मेट आणले आहे. गजरा त्याच्याखाली चुरगळतो, म्हणून तो पर्समध्ये नेतो आणि पोचल्यावर माळतो. ती अजूनही मागे बसते, पण मोठे वाहन जवळ आले की तिची बोटे माझ्या खांद्यात रुततात. मी आरशात पाहतो. वळायचे नसले तरी पाहतो.

कोपर मात्र सरळ होत नाही. सात लाख बावन्न हजारांत तेवढे बसले नाही. गेल्या आठवड्यात चकल्यांची भाजणी दळून आली. सोऱ्या दाबायला दोन्ही हातांचा जोर लागतो, आणि तो तिच्या उजव्या हातात आता राहिलेला नाही. म्हणून सोऱ्या मी दाबतो. पहिला घाणा तुटका झाला. दुसऱ्याला काटे आले पण वेढे सुटले. ती शेजारी पाट टाकून बसली होती आणि मागून सांगत होती, “सावकाश. घाई करू नका. हात एका लयीत फिरू द्या.”

ह्या खेपेला मला ऐकू येत होते.